टिटिकाका ट्रिपच्या शेवटी ठेव

पत्र न्यू जर्सीहून आलंय. मोठं होतं, थोडक्यात देते.

"ताई, आई-बाबा साताऱ्याहून सहा महिन्यांसाठी आमच्याकडे आलेत. बाबा ६७ वर्षांचे, भूगोलाचे शिक्षक होते, तीस वर्षं फळ्यावर टिटिकाका सरोवर काढून दाखवलं पण प्रत्यक्ष कधी बघितलं नाही. म्हणून ऑक्टोबरमध्ये १० दिवस पेरूला जायचं ठरवलंय. टूरवाल्यांनी प्लॅन दिलाय तो असा: पहिली रात्र लिमा, दुसऱ्या दिवशी सकाळच्या विमानाने हुलियाका आणि तिथून सरोवराकाठचं पुनो, तिसऱ्या दिवशी बोटीने उरोसची तरंगती बेटं बघून अमांतानी बेटावर एका कुटुंबाकडे मुक्काम, चौथ्या दिवशी ताकिले बेट, पाचव्या दिवशी बोलिव्हियाच्या बाजूचं सूर्य बेट, मग कुस्को, माचू पिचू आणि परत. बाबांना बीपीची गोळी चालू आहे. आई ६२, गुडघे दुखतात, अंडंसुद्धा खात नाही. दोघांनी दहा वर्षांपूर्वी केदारनाथ केलंय. पुण्याहून भाऊ रोज फोन करून ओरडतोय की या वयात त्यांना कुठे नेतेस. आणि आई म्हणते तुम्ही तिघं जा, मला हॉटेलात ठेवा. रद्द करू का?"

अगं, रद्द करू नकोस. पण हा प्लॅन आहे तसा घेऊन जाऊ पण नकोस, हे मी अगदी हात जोडून सांगते.

भावाचा सगळा भर वयावर आहे. मला काळजी वाटते ती तुझ्या दुसऱ्या दिवसाची. लिमा समुद्राला लागून आणि हुलियाकाचा विमानतळ ३,८०० मीटरच्याही वर, म्हणजे सकाळी नाश्ता समुद्राच्या पातळीला आणि दुपारचं जेवण कळसूबाईच्या दुपटीपेक्षा जास्त उंचीवर, मधे शरीराला एक रात्रसुद्धा नाही. टिटिकाकाचं पाणीच ३,८१२ मीटरवर आहे. तिथे एका श्वासात जो ऑक्सिजन मिळतो तो समुद्रसपाटीच्या साधारण ६३ टक्के. शरीर याची सवय करून घेतं, साठीतलं शरीरसुद्धा छान करून घेतं, पण त्याला दिवस लागतात, आणि ते दिवस तुझ्या प्लॅनमध्ये चुकीच्या जागी पडलेत.

केदारनाथचं म्हणशील तर ते ३,५८३ मीटर, त्याला दहा वर्षं झाली, आणि तिथे त्रास झाला तर खाली गौरीकुंडाला उतरता येतं. टिटिकाकाचा खरा प्रश्न हाच आहे आणि तो टूरवाले कुणी सांगत नाहीत. तिथे "खाली" नाहीच गं. उंचीचा त्रास वाढला तर त्यावर पहिला आणि खात्रीचा उपाय म्हणजे खाली उतरणं, पण बेटावरून तीन तास बोटीने पुनोला आलीस तरी पुनो त्याच उंचीवर. हुलियाका तेवढंच. रस्त्याने कुस्कोकडे निघालीस तर मधे ला राया नावाचा ४,३३५ मीटरचा घाट. म्हणजे खरं खाली यायचं तर सोपा मार्ग परत विमानाने लिमा.

हे मी पुस्तकातून सांगत नाहीये. आम्ही पहिल्यांदा गेलो तेव्हा आमचा प्लॅन जवळपास तुझ्यासारखाच होता, लिमा, हुलियाका, दुसऱ्या सकाळी बोट. माझा नवरा तेव्हा ४१ चा, हाफ मॅरेथॉन पळणारा, कधी साधी डोकेदुखी नाही. अमांतानीला पोचलो तेव्हा त्याचे ओठ पांढरे पडलेले, जेवला नाही, आणि रात्री दोन वाजता अंधारात अंगणातल्या बाथरूमच्या दाराला धरून उलट्या करत होता, बाहेर कडाक्याची थंडी, ज्यांच्या घरी होतो ती बाई बिचारी पाणी गरम करून आणून देतेय, आणि गाइड म्हणतो सकाळशिवाय बोट नाही. बोटीवर ऑक्सिजनचा सिलिंडर होता का, तर नव्हता. सकाळी पुनोला आलो, काही फरक नाही, दुपारचं विमान पकडून लिमाला उतरलो आणि उतरल्यावर तासाभरात हा माणूस म्हणतो भूक लागलीये. त्या ट्रिपमध्ये मी सरोवर धड बघितलंच नाही, मी त्याच्या तोंडाकडे बघत बसले होते. म्हणून सांगते, ४१ आणि ६७ चा हिशोब इथे लागत नाही, किती दिवसांत किती चढलात त्याचा लागतो.

तर तुझा प्लॅन उलटा कर. तेच १० दिवस, एक सूर्य बेट सोडून तीच ठिकाणं, फक्त सरोवर शेवटी. पहिली रात्र लिमा. दुसऱ्या दिवशी विमानाने कुस्को, पण कुस्कोत थांबायचं नाही (ते ३,४०० मीटर आहे), विमानतळावरूनच गाडी करून खाली उरुबांबाच्या खोऱ्यात जायचं, ते २,८७० च्या आसपास. तिथे दोन रात्री. चौथ्या दिवशी माचू पिचू, ते तर अजून खाली, २,४३० मीटर, लोकांना वाटतं माचू पिचू फार उंच आहे, पण ते कुस्को आणि पुनोपेक्षा बरंच खाली आहे. मग कुस्कोला वर यायचं, दोन-तीन रात्री. आणि सातव्या दिवशी कुस्को ते पुनो बस. थेट सहा-सात तासांचा प्रवास, टूरिस्ट बस मधे थांबत जाते म्हणून तिला अजून वेळ लागतो, ला रायाच्या घाटात फोटोला दहा मिनिटं उतरायचं आणि परत बसायचं. त्या रात्री पुनोला लवकर झोप. आठव्या दिवशी बोट, बेटावर रात्र, नवव्या दिवशी परत, दहाव्या दिवशी हुलियाकाहून लिमा. तीन हजारांच्या वर गेल्यावर झोपायची उंची एका दिवसात पाचशे मीटरपेक्षा जास्त वाढवू नये असं डॉक्टर सांगतात, या क्रमाने ते जवळपास आपोआप पाळलं जातं.

टूरवाला म्हणेल बुकिंग बदलायला पैसे पडतील. पडू देत.

बोलिव्हियाचं सूर्य बेट काढून टाक. सुंदर आहे, इंकांचा पहिला राजा मान्को कापाक आणि मामा ओक्यो तिथून निघाले अशी त्यांची कथा आहे, बाबांना सोडवणार नाही हे मला माहितीये. पण भारतीय पासपोर्टवर बोलिव्हियाचा व्हिसा वेगळा, बॉर्डरवर वेगळी रांग, आणि सगळं एका दिवसात कोंबलेलं. पेरूचं सोपं आहे, आई-बाबांकडे अमेरिकेचा व्हिसा आहे आणि तो अजून सहा महिन्यांच्या वर चालणार असेल तर पेरूचा वेगळा व्हिसा लागत नाही, तरी जायच्या आधी त्यांच्या वकिलातीच्या साइटवर एकदा बघून घे, नियम बदलत असतात. अमेरिकेचा व्हिसा मल्टिपल एंट्रीचा आहे ना तेही बघ, नाहीतर परत येताना पंचाईत. अजून एक गोष्ट कुणाच्या लक्षात येत नाही, पेरूहून निघाल्यावर सहा दिवसांच्या आत भारतात उतरलं तर यलो फीव्हरच्या लशीचं सर्टिफिकेट मागतात. ते दोघं परत तुझ्याकडे येऊन महिना-दोन महिन्यांनी साताऱ्याला जाणार असतील तर प्रश्न नाही. पण पेरूहून परस्पर मुंबईला पाठवायचं डोक्यात असेल तर ते काढून टाक, कारण साठीच्या पुढे ही लस डॉक्टर फार विचार करून देतात.

आता बीपीचं. निघायच्या महिनाभर आधी दोघांना डॉक्टरकडे ने आणि नुसतं "पेरूला जातोय" सांगू नकोस, कुठल्या रात्री किती मीटरवर झोपणार हे कागदावर लिहून ने. उंचीवर सुरुवातीला बीपी वाढू शकतं, गोळीचं काय करायचं ते डॉक्टरच ठरवतील. डायमॉक्स नावाची गोळी बरेच जण घेतात, चढायच्या आदल्या दिवसापासून, पण सल्फाची अ‍ॅलर्जी असेल किंवा बीपीची गोळी लघवी जास्त करवणारी असेल तर ते आधी सांगायला हवं, त्यामुळे मैत्रिणीने दिली म्हणून घेतली असं करू नकोस. बीपीचं मशीन बॅगेत टाक. थोडं डोकं दुखणं, झोप तुटक लागणं, भूक कमी होणं हे तिथे चालतं. पण नुसतं बसल्या जागी धाप लागतेय, खोकला थांबत नाहीये, चालताना तोल जातोय, बोलण्यात गडबड होतेय, यातलं काही दिसलं की सकाळची वाट बघायची नाही, ऑक्सिजन लावायचा आणि निघायचं. म्हणून टूरवाल्याला आत्ताच विचार, बोटीवर सिलिंडर आहे का आणि रात्री बोट बेटावरच थांबते का. "होऊन जाईल मॅडम" म्हणाला तर दुसरा बघ.

तिथे उतरल्या उतरल्या हॉटेलात कोकाच्या पानांचा चहा देतात. तिथे तो आपल्या गवती चहासारखा घरोघरी पितात, कुणी वाईट समजत नाही. पण त्या चहानंतर काही दिवस ड्रग टेस्ट पॉझिटिव्ह येऊ शकते, तुझी किंवा नवऱ्याची ऑफिसमध्ये टेस्ट होत असेल तर लांब राहा. आणि पानं किंवा टी-बॅग आठवण म्हणून बॅगेत अजिबात टाकायच्या नाहीत, अमेरिकेत ते बेकायदा आहे. त्याऐवजी मुन्या मागा. पुदिन्याच्या जातीची तिथली वनस्पती आहे, बेटांवरही उगवते, गरम पाण्यात काडीसकट टाकून देतात, पोटाला बरी वाटते.

आईच्या जेवणाची काळजी तू करतेस त्यापेक्षा कमी कर. अमांतानीत मांस रोज शिजतच नाही फारसं. कीन्वाचं सूप, चार प्रकारचे बटाटे, ओका नावाचा गोडसर कंद, तळलेलं चीज, भात, असंच ताट येतं. सरोवरातला ट्राउट मासा मात्र ताकिलेला दुपारी हमखास असतो, म्हणून गाइडला आदल्या दिवशीच सांगायचं, आणि "शाकाहारी" एवढंच सांगून भागत नाही, मांस नको, कोंबडी नको, मासा नको, अंडं नको आणि सूप हाडांच्या पाण्यातलं नको, असं एकेक सुटं सांगायचं. आईला हेही सांग की कीन्वा म्हणजे आपल्या चाकवताचा चुलतभाऊ, आणि तिथे किविचा म्हणून जे बारीक दाणे मिळतात तो राजगिराच, उपवासाचा. परक्या मुलखातलं ताट ओळखीचं निघालं की माणूस निम्मं सैल होतं. सोबत मेतकूट, सुकी चटणी, पॅकबंद पोहे-उपमा घे. पण तिथे पाणी ८७ अंशालाच उकळतं, त्यामुळे कपात गरम पाणी ओतून पाच मिनिटांत होणारे पोहे दहा मिनिटं झाकून ठेवावे लागतात, आणि केटलमध्ये डाळ शिजवायच्या भानगडीत पडूच नको. ताजी फळं, बियाणं नेऊ नकोस, कस्टमवाले काढून घेतात.

गुडघ्यांचं खरं संकट ताकिलेला आहे. बरेचदा बोट एका धक्क्यावर सोडते, तिथून चढण लांब पण सौम्य असते, आणि जेवण झालं की दुसऱ्या बाजूने पाचशेच्या वर दगडी पायऱ्या उतरवतात, ओबडधोबड, कठडा नाही. गुडघ्यांना चढण्यापेक्षा उतरणं जास्त लागतं हे तुला आईमुळे माहितीच असेल. म्हणून ग्रुप टूर नको, तुम्ही चौघं आहात तर स्वतंत्र बोट आणि स्वतंत्र गाइड घे, आणि ज्या बाजूने चढलात त्याच बाजूला बोट बोलाव. स्पीडबोट परवडत असेल तर तीच घे, वेळ बराच वाचतो. अमांतानीत संध्याकाळी सगळे पाचातातावर, नाहीतर पाचामामाच्या टेकडीवर सूर्यास्ताला चढतात, ते ४,१०० च्या वर आहे, तू आणि नवरा जा, बाबांनी अर्ध्या वाटेवर बसून बघितला तरी सूर्य तोच मावळतो. आईने खालीच थांबावं.

आणि आता आईला हॉटेलात ठेवण्याबद्दल. ती असं का म्हणतेय हे तू तिला एकटीला बसवून विचारलंस का? बाबांसमोर नाही, भाऊ फोनवर असताना नाही. आपल्याकडच्या बायका "मला नको" म्हणतात तेव्हा निम्म्या वेळा त्याचा अर्थ "माझ्यामुळे तुमचा खोळंबा नको" असा असतो. तिला खरंच नको असेल तर पुनोत चांगलं हॉटेल आहे, तू तिच्याबरोबर थांब आणि जावयाला सासऱ्यांबरोबर पाठव. पण एकटीला ठेवू नकोस, भाषा येत नाही, उंची तीच आहे, रात्री त्रास झाला तर दार कुणाचं वाजवणार?

मी दुसऱ्यांदा गेले ती सासूबाईंना घेऊन. त्या ६५ च्या, त्याही "मला नको" वाल्या. या उलट्या क्रमानेच गेलो आणि डोकंसुद्धा दुखलं नाही त्यांचं. संध्याकाळी आम्ही फिरून आलो तर त्या खोलीत नाहीत. शोधलं तर स्वयंपाकघरात, मातीच्या चुलीपुढे बुटक्या स्टुलावर बसलेल्या, मांडीवर उकडलेल्या बटाट्यांचं भांडं, बोरांएवढे बटाटे, जांभळे, पिवळे, वाकडेतिकडे, चटके बसत होते म्हणून बोटांवर फुंकर मारत सालं काढत होत्या, आणि शेजारी ती घरची बाई तेच करत होती. एकीला केचुआ, एकीला मराठी, आणि दोघी बोलत होत्या. कोपऱ्यात चुन्योचं पोतं होतं. चुन्यो म्हणजे बटाटे रात्रीच्या हिमात गोठवतात, दिवसा उन्हात टाकतात, पायांनी तुडवून पाणी काढतात आणि खडखडीत वाळवून वर्षानुवर्षं ठेवतात. सासूबाईंनी एक हातात घेऊन वाजवून बघितला आणि मला म्हणाल्या, हे यांचं वाळवण. जेवायच्या आधी घरातल्या आजोबांनी पेल्यातला थेंबभर जमिनीवर सांडला, पाचामामाला, म्हणजे धरणीमातेला. सासूबाईंनी माझ्याकडे बघितलं आणि त्यांनी पण ताटाभोवती चित्राहुती घातली. कुणी कुणाला काही समजावून सांगितलं नाही.

ही रात्र सोडू नकोस म्हणून एवढं लिहितेय. फक्त ते हॉटेल नाहीये हे मनात ठेवून जा. बेटावर घरं पाळीपाळीने पाहुणे घेतात. टूरवाल्याला विचार की त्या कुटुंबाच्या हातात किती पडतात, आणि जमलं तर राहण्या-जेवणाचे पैसे तू स्वतः तिथे दे. सुटे सोल (पेरूचं चलन) ने, बेटांवर एटीएम नाही. पुनोच्या बाजारातून तांदूळ, साखर, तेल, फळं घेऊन जा, घराला उपयोगी पडतं, मुलांना चॉकलेटं वाटत सुटू नका. बाथरूम बहुतेक अंगणापलीकडे असतं, म्हणून दोघांना एकेक टॉर्च. ऑक्टोबरात दिवसा ऊन चटके देतं आणि रात्री पारा शून्याच्या जवळ येतो, त्यामुळे लोकरीची टोपी, सनस्क्रीन आणि गरम पाण्याची रबरी पिशवी या तीन गोष्टी कपड्यांपेक्षा महत्त्वाच्या.

उरोसला गेल्यावर तुझ्यातली कुणीतरी म्हणेल हे सगळं टूरिस्टांसाठी मांडलंय. मांडलंय थोडं, गाणं म्हणतात, वस्तू विकतात, लव्हाळ्याच्या होडीचे वेगळे पैसे घेतात. पण ते बेट खरंच त्यांनी बांधलेलं असतं. तोतोरा नावाच्या लव्हाळ्याच्या मुळांचे मोठे ठोकळे कापून दोरीने एकत्र बांधतात, त्यावर तोतोऱ्याचे थर आडवे-उभे टाकतात, खालचे कुजत जातात आणि वरून नवे टाकत राहावं लागतं, कायम. पाय ठेवलास की भाताच्या पेंढ्याच्या गंजीवर चढल्यासारखं हलतं आणि ओला वास येतो. आईचा हात धर तिथे. कुणी "कामिसाराकी" म्हणालं तर "वालिकी" म्हणायचं, म्हणजे त्यांच्या आयमारा भाषेत "कसे आहात", "बरे आहोत".

बाबांना ताकिलेचे विणणारे पुरुष दाखव. लोकर मानेमागून घेऊन चालता चालता सुया फिरवत असतात, आणि टोपीवरून कळतं, पूर्ण लाल ती लग्न झालेल्याची, वरचा भाग पांढरा ती अविवाहिताची. त्यांच्या विणकामाला युनेस्कोने २००५ मध्ये मान दिला. पुनोला यावारी नावाचं जुनं जहाज आहे, त्याचे भाग १८६२ मध्ये इंग्लंडमध्ये बनवले, खेचरांच्या पाठीवर लादून अँडीज चढवून आणले आणि १८७० मध्ये ते या पाण्यात उतरलं. भूगोलाच्या शिक्षकाला हे आधी सांगू नकोस, तिथे नेऊन उभं कर.

भावाला नवा प्लॅन पाठव, प्रत्येक रात्रीपुढे मीटर लिहून, आणि डॉक्टर काय म्हणाले तेही. त्याचं ओरडणं काळजीपोटी आहे, आकडे बघितले की त्यालाही पटेल. नाहीच पटलं तर माझं हे उत्तर वाचायला दे.

आणि आईशी आज रात्रीच बोल. ती काय म्हणाली ते मला कळव.